वाटेत लागलेला संगणक

जानेवारी १९७५ च्या 'पॉप्युलर इलेक्ट्रॉनिक्स' या अमेरिकी मासिकाच्या मुखपृष्ठावर एका पेटीचा फोटो होता. दर्शनी बाजूला खटक्यांची रांग आणि त्यावर बारीक दिव्यांच्या ओळी. बाजारातल्या मिनीकॉम्प्युटरशी बरोबरी करणारं जगातलं पहिलं किट, अशी मासिकाने त्याची ओळख करून दिली होती. फोटोतल्या पेटीत मात्र काहीच नव्हतं. एकुलतं एक चालू यंत्र न्यू मेक्सिकोतल्या अल्बुकर्की शहरातून पार्सलने न्यूयॉर्कला निघालं आणि वाटेत हरवलं. दुसरं बांधायला वेळ नव्हता. दिवे आणि खटके बसवलेली रिकामी पेटी पाठवून दिली गेली, आणि तिचाच फोटो छापून आला.

या पेटीचं नाव 'अल्टेअर ८८००'. तो अंक पाहून लोकांनी चेक पाठवायला सुरुवात केली. एप्रिलपर्यंत बॉस्टनमधले दोन तरुण या यंत्रासाठी स्वतःची कंपनी काढून बसले होते. कॅलिफोर्नियात एका गॅरेजमध्ये हौशी मंडळींचा क्लब सुरू झाला होता. आज आपल्या टेबलावर आणि खिशात जो संगणक आहे, त्याच्या वंशावळीत या पेटीचं नाव अगदी वरच्या ओळीत येतं.

यंदा 'दुसरा डाव' या विषयावर लिहा, असं संपादकांनी कळवलं, तेव्हा मला या पेटीचा कर्ता आठवला. एड रॉबर्ट्स. छत्तिसाव्या वर्षाच्या आसपास त्याने आपली कंपनी विकली आणि शेती धरली. चाळिशी गाठल्यावर तो मेडिकल कॉलेजच्या पहिल्या वर्गात जाऊन बसला आणि पुढे जॉर्जिया राज्यातल्या एका लहान गावात डॉक्टर म्हणून राहिला. दुसऱ्या डावाचं याहून ठळक उदाहरण कुठलं, असं मला वाटत होतं. माहिती गोळा करत गेलो तसा डावांचा क्रमच उलटा लागत गेला.

काचेपलीकडची पेटी

कॅलिफोर्नियातल्या माउंटन व्ह्यू इथे संगणकाच्या इतिहासाचं मोठं संग्रहालय आहे. दालनांमागून दालनं ओलांडत आपण गणनयंत्रं, पंचकार्डं, आयबीएमच्या 'सिस्टिम ३६०'चे कपाटाएवढे भाग आणि गोलाकार बसायच्या बाकासारखा दिसणारा 'क्रे-१' पाहतो. ही सगळी यंत्रं बँकांची, लष्कराची, विद्यापीठांची. त्यांच्यापाशी जायला परवानगी लागे आणि वेळ मागून घ्यावा लागे. ज्यात १९६५ साली मोठी स्वस्ताई मानली गेली, त्या 'पीडीपी-८' या मिनीकॉम्प्युटरचीही किंमत सुमारे १८ हजार डॉलर होती.

मग अल्टेअर दिसतो. कीबोर्ड नाही, पडदा नाही. २५ खटके, ३६ दिवे आणि एक पत्र्याची पेटी. माझ्या शेजारी एक शाळकरी मुलगी आईला विचारत होती की यात टाइप कुठे करायचं. प्रश्न अगदी रास्त होता. या यंत्राला अक्षर ठाऊक नव्हतं. त्याच्याशी बोलायचं ते खटका वर की खाली एवढ्याच भाषेत.

हा पहिला वैयक्तिक संगणक का, यावर जाणकारांत वाद आहेत आणि ते योग्यच आहेत. १९७१ चा 'केनबॅक-१' त्याच्या आधीचा. १९७४ च्या उन्हाळ्यात दुसऱ्या एका मासिकाने 'मार्क-८' हा घरी बांधायचा संगणक छापला होता. रॉबर्ट्सने चिप शोधली नाही, संगणकाची कल्पनाही त्याची नव्हती. त्याने केलं ते वेगळं काम. पूर्ण ताकदीचा संगणक सामान्य माणसाला परवडेल अशा किमतीला, हजारोंच्या संख्येने आणि पुढे वाढवता येईल अशा बांधणीत विकायला काढला. त्या काळी त्यासाठी अभियंत्याची बुद्धी लागत होती, तितकीच कर्जबाजारी माणसाची हिंमतही.

मायामीतला मुलगा

हेन्री एडवर्ड रॉबर्ट्स १९४१ साली मायामीत जन्मला. वडील युद्धावर असताना हे कुटुंब आजोळच्या शेतावर, जॉर्जियातल्या व्हीलर परगण्यात राहिलं. युद्ध संपल्यावर वडिलांनी मायामीत घरगुती उपकरणं दुरुस्त करायचा धंदा टाकला, पण मुलाचे उन्हाळे आजी-आजोबांच्या शेतावरच जात.

शाळेत असतानाच त्याने रिले वापरून एक छोटा संगणक बांधला. ओढा मात्र वैद्यकीकडे होता. मायामी विद्यापीठात तो गेला तो डॉक्टर व्हायला. घरातलं कॉलेजात जाणारं ते पहिलं माणूस. तिथे इलेक्ट्रॉनिक्सची आवड असलेले एक मेंदूशल्यविशारद भेटले. त्यांनी सुचवलं की आधी इंजिनियरिंगची पदवी घे आणि मग मेडिकलला जा. रॉबर्ट्सने विषय बदलला. पुढची वीस वर्षं या सल्ल्याने बदलून टाकली.

शिकत असतानाच लग्न झालं, मूल होणार असं कळलं आणि कॉलेज सोडावं लागलं. हवाई दल शिक्षणाचा खर्च उचलतं म्हणून १९६२ मध्ये तो तिकडे भरती झाला. सॅन अँटोनिओच्या तळावर गुप्तसंदेश यंत्रांच्या दुरुस्तीचं शिक्षण घेतलं आणि तिथेच त्याला शिक्षक म्हणून ठेवून घेतलं गेलं. पगार तुटपुंजा होता. सुट्टीच्या वेळात तो मिळेल ते काम घेई. शहरातल्या एका मोठ्या दुकानाच्या काचेमागे नाताळात हलणाऱ्या बाहुल्या असत, त्या हलवणारं इलेक्ट्रॉनिक्स त्याने बनवून दिलं.

१९६८ मध्ये ओक्लाहोमा स्टेट विद्यापीठाची पदवी हातात आली, अल्बुकर्कीच्या शस्त्रास्त्र प्रयोगशाळेत लेझर विभागात नेमणूक झाली आणि रॉबर्ट्सने पुन्हा मेडिकल कॉलेजांची चौकशी केली. उत्तर आलं की वय जास्त झालंय. तेव्हा तो २७ वर्षांचा होता.

मला या जागी थांबावंसं वाटलं. आपल्या ओळखीत अशी किती माणसं असतात! घर चालवायचं म्हणून एक वळण घेतात आणि मागे फिरून पाहतात तेव्हा दार लागलेलं असतं. रॉबर्ट्स कुढत बसला नाही. पुढच्याच वर्षी त्याने प्रयोगशाळेतल्या सहकाऱ्यांबरोबर 'मिट्स' ही कंपनी काढली.

कर्ज आणि ७५ डॉलरची चिप

मिट्सचा पहिला माल म्हणजे हौशी लोकांच्या खेळण्यातल्या रॉकेटमध्ये बसवायची छोटी उपकरणं. ती फारशी खपली नाहीत. मग १९७१ मध्ये कॅल्क्युलेटरचं किट आलं, ते मात्र जोरात चाललं. सुटे भाग टपालाने घ्यायचे, घरी बसून सोल्डरिंग करायचं आणि आपला कॅल्क्युलेटर आपणच बांधायचा.

दोनेक वर्षांत मोठ्या चिप कंपन्याच कॅल्क्युलेटरच्या धंद्यात उतरल्या. जोडून तयार असलेला कॅल्क्युलेटर किटच्या सुट्या भागांहून स्वस्त मिळू लागला. १९७४ पर्यंत मिट्सवर सुमारे ३ लाख डॉलरचं कर्ज चढलं.

त्याच वर्षी इंटेलने '८०८०' हा मायक्रोप्रोसेसर बाजारात आणला. आधीच्या चिपा कॅल्क्युलेटरला किंवा रस्त्यावरच्या सिग्नलला पुरेशा होत्या. या चिपवर खरा संगणक उभा राहू शकतो, हे रॉबर्ट्सने ओळखलं. एक नग घेतला तर किंमत ३६० डॉलर. घाऊक खरेदीची बोलणी करून त्याने ती ७५ डॉलरवर आणली. यामुळेच सबंध किट ३९७ डॉलरला जाहीर करता आलं. सुटी चिप घ्यायला गेलं तर जवळपास तेवढेच पैसे पडत होते!

बँकेकडे तो आणखी ६५ हजार डॉलर मागायला गेला. किती यंत्रं खपतील, या प्रश्नाला त्याने ८०० हा आकडा सांगितला. तो आकडा फुगवलेला आहे अशी त्याची स्वतःचीच समजूत होती. ऑगस्ट १९७५ पर्यंत ५ हजारांहून जास्त यंत्रं रवाना झाली होती.

नावाबद्दल दोन कथा सांगतात. एक म्हणजे मासिकाच्या संपादकाच्या मुलीने दूरदर्शनवरच्या 'स्टार ट्रेक'मधून ते सुचवलं. दुसरी म्हणजे मासिकातल्याच मंडळींनी एका ताऱ्याचं नाव द्यायचं ठरवलं. अल्टेअर म्हणजे आपल्याकडचा श्रवण नक्षत्राचा तारा.

चौदा बाइट्स

या यंत्रावर काम करणं म्हणजे काय, हे काचेपलीकडून कळत नाही. पुण्यात इलेक्ट्रॉनिक्सचे एक निवृत्त प्राध्यापक आहेत. त्यांनी अल्टेअरची हुबेहूब चालणारी प्रतिकृती जोडली आहे. "या, बसा. आज आपण पाच आणि तीन मिळवू," असं म्हणत सरांनी ती माझ्यासमोर सरकवली.

खटके तीन-तीनच्या गटात आहेत. तीन खटक्यांनी शून्य ते सात असा एक अंक होतो. सर आकडे सांगत होते आणि मी खटके लावत होतो. आधी सगळे पत्त्याचे खटके खाली आणि 'एक्झामिन' दाबायचं, म्हणजे यंत्र स्मृतीच्या पहिल्या खणाशी येऊन उभं राहतं. मग शून्य-सात-दोन लावून 'डिपॉझिट'. ही पहिली आज्ञा झाली, अमुक खणातला आकडा उचल. पुढच्या दोन बाइट्समध्ये त्या खणाचा पत्ता. मग एक-शून्य-सात म्हणजे तो आकडा बाजूला ठेव. पुन्हा शून्य-सात-दोन, दुसरा आकडा उचल. दोन-शून्य-शून्य म्हणजे बेरीज. शून्य-सहा-दोन म्हणजे उत्तर ठेव. शेवटी तीन-शून्य-तीन, पुन्हा पहिल्यापासून सुरू कर. सगळे मिळून चौदा बाइट्स. मूळ माहितीपुस्तिकेत नवशिक्यांसाठी हाच प्रोग्राम दिलेला होता.

मग दूरच्या दोन खणांत ५ आणि ३ भरले. 'रन' केलं, क्षणात 'स्टॉप' केलं. उत्तराच्या खणाचा पत्ता लावून 'एक्झामिन' दाबलं. आकड्याच्या आठ दिव्यांपैकी उजवीकडून चौथा तेवढा लागला. द्विमानात तो एकटा दिवा म्हणजे आठ.

सर म्हणाले, "तुम्ही रन करून स्टॉप करेपर्यंत एक सेकंद गेला असेल. तेवढ्यात मूळ यंत्राने ही बेरीज चौतीस हजार वेळा केली असती." मी हिशेब करून पाहिला. आज्ञांची एक फेरी ५८ ठोक्यांची आणि यंत्राची गती सेकंदाला २० लाख ठोके. आकडा बरोबर येतो.

मूळ किटमध्ये स्मृती होती २५६ बाइट्स. या लेखातला एक बरा परिच्छेदही तेवढ्यात मावणार नाही. वीज गेली की सगळं पुसलं जाई. टाइप करायचं यंत्र जोडायचं तर ते संगणकाहून महाग पडे. तरीही ज्यांनी आठवडेच्या आठवडे सोल्डरिंग करून ही पेटी उभी केली, त्यांना तो दिवा लागताना काय वाटलं असेल, याचा थोडा अंदाज मला त्या दुपारी आला. आयुष्यात पहिल्यांदा संगणक त्यांचा स्वतःचा होता. कुणाची परवानगी घ्यायची नव्हती आणि रात्री दोन वाजता तो बंद कर म्हणणारंही कुणी नव्हतं.

स्टीव्ह डॉम्पियर नावाच्या हौशी माणसाच्या लक्षात आलं की यंत्र चालू असताना शेजारचा रेडिओ खरखरतो. कुठल्या आज्ञेने कुठला सूर निघतो, हे त्याने शोधून काढलं. एप्रिल १९७५ मध्ये 'होमब्रू कॉम्प्युटर क्लब'च्या बैठकीत तो खटक्यांनी प्रोग्राम भरत बसला. कुणाचा तरी पाय वायरीत अडकला आणि सगळं पुसलं गेलं. त्याने पुन्हा पहिल्यापासून भरलं आणि रेडिओतून बीटल्सच्या गाण्याची चाल वाजली. सभागृह उठून टाळ्या वाजवत होतं. याच क्लबच्या मार्चमधल्या पहिल्या बैठकीला स्टीव्ह वॉझ्नियॅक होता. तिथून घरी जाताना त्याच्या डोक्यात स्वतःचा संगणक आकार घेऊ लागला होता. पुढच्या वर्षी तो 'अॅपल-१' या नावाने बाहेर आला.

शंभर पिनांची जागा

अल्टेअरचं झाकण उघडलं की आत बरीच मोकळी जागा दिसते. माझ्या मते रॉबर्ट्सचं अभियंता म्हणून सगळ्यात मोठं काम त्या मोकळ्या जागेत आहे.

त्याने सगळा संगणक एका पट्टीवर ठोकून बसवला नाही. मायक्रोप्रोसेसरचं कार्ड वेगळं, स्मृतीचं वेगळं. ही कार्डं ज्यात खोचायची ते शंभर पिनांचे जोड त्याला स्वस्तात मिळाले होते, म्हणून पिना शंभर ठरल्या. सगळ्या जोडांमधून त्याच शंभर तारा समांतर जातात. चाळीच्या गॅलरीसारखी ही रचना आहे. सगळ्या खोल्यांची दारं एकाच गॅलरीत उघडतात, हाक सगळ्यांना ऐकू जाते आणि ज्याच्या खोलीचा नंबर पुकारला तो ओ देतो. प्रोसेसर पत्ता पुकारतो आणि तो पत्ता ज्या कार्डाचा, ते कार्ड उत्तर देतं. कार्ड कुठल्याही जोडात खोचलं तरी चालतं आणि ते कुणी बनवलंय याच्याशी यंत्राला कर्तव्य नसतं.

तारांची मांडणी आदर्श नव्हती. वीजपुरवठ्याच्या पिना भलत्या जागी आल्या होत्या. पण ती मांडणी सगळ्यांना ठाऊक होती, आणि तेवढ्यावर एक उद्योग उभा राहिला. मिट्सचं ४ हजार बाइट्सचं स्मृतीचं कार्ड नीट चालेना, तेव्हा बाहेरच्यांनी चांगली कार्डं बनवून विकायला काढली. कुणी टीव्हीवर चित्र दाखवणारं कार्ड केलं, कुणी डिस्क जोडणारं. 'इम्साय'ने तर त्याच जोडांचा सबंध संगणकच काढला. रॉबर्ट्स यावर चिडला. या मंडळींना त्याने परोपजीवी म्हटलं. त्याचा संताप समजण्यासारखा आहे, कारण जोखीम त्याची होती आणि कर्जही त्याचं होतं. तरीही लोकांनी या रचनेला 'एस-१००' असं कंपनीचा शिक्का नसलेलं नाव दिलं आणि १९८३ मध्ये ती अभियंत्यांच्या आंतरराष्ट्रीय संस्थेची प्रमाणित रचना झाली. इतरांना भर घालता येईल अशी पेटी त्याने बांधली आणि लोकांनी ती भर घातली.

टेपवरून आलेली भाषा

सगळ्यात मोठी भर घातली ती बॉस्टनच्या दोघांनी. पॉल अॅलनने मासिकाचा तो अंक हार्वर्डजवळच्या स्टॉलवर पाहिला आणि बिल गेट्सला नेऊन दाखवला. खटके सोडून इंग्रजीच्या जवळ जाणाऱ्या 'बेसिक' भाषेत या यंत्राला आज्ञा देता येतील, असं त्यांनी रॉबर्ट्सला कळवलं. त्यांच्याकडे अल्टेअर नव्हता, ८०८० चिपही नव्हती. विद्यापीठाच्या मोठ्या संगणकावर ८०८० ची नक्कल करणारा प्रोग्राम अॅलनने लिहिला आणि त्यावर दोघांनी, माँटी डेव्हिडॉफ या तिसऱ्या विद्यार्थ्याच्या मदतीने, बेसिक उभं केलं.

मार्चमध्ये अॅलन कागदी टेप घेऊन अल्बुकर्कीला आला. विमानतळावर घ्यायला सव्वासहा फुटांहून उंच, धिप्पाड रॉबर्ट्स जुना पिकअप ट्रक घेऊन आला होता. हॉटेलचे पैसे भरण्याइतकीही रोकड अॅलनकडे नव्हती. ते रॉबर्ट्सने भरले. दुसऱ्या दिवशी टेप यंत्रात गेली. टेलिप्रिंटरने स्मृती किती आहे, असं विचारलं. अॅलनने ७१६८ हा आकडा दिला आणि मग दोन अधिक दोन छापायला सांगितलं. कागदावर ४ उमटले.

रॉबर्ट्सने अॅलनला सॉफ्टवेअर विभागाचा प्रमुख नेमलं. मायक्रोसॉफ्ट जन्माला आली ती याच वाळवंटी शहरात. पुढे बेसिक विकण्याच्या हक्कावरून दोन्ही बाजूंत वितुष्ट आलं, प्रकरण लवादापुढे गेलं आणि निकाल मायक्रोसॉफ्टच्या बाजूने लागला. तोवर रॉबर्ट्स कंपनीतून बाहेर पडण्याच्या वाटेवर होता.

कॉक्रनचे डॉक्टर

१९७७ मध्ये 'पर्टेक' कंपनीने सुमारे ६० लाख डॉलरच्या समभागांच्या बदल्यात मिट्स घेतली. त्याच वर्षी अॅपल, कमोडोर आणि टँडी या तिघांचे जोडून तयार असलेले संगणक बाजारात आले. रॉबर्ट्स तिथे राहिला असता तर काय झालं असतं, यावर पुष्कळांनी लिहिलं आहे. तो स्वतः मात्र जॉर्जियाला गेला, त्याच व्हीलर परगण्यात, जिथे लहानपणीचे उन्हाळे गेले होते. शेत घेतलं आणि शेती केली.

१९८२ मध्ये जवळच्या मेकन शहरात मर्सर विद्यापीठाचं मेडिकल कॉलेज सुरू झालं. जॉर्जियाच्या खेड्यापाड्यांत डॉक्टर मिळत नाहीत, त्यांच्यासाठी डॉक्टर तयार करायचे, हाच त्याचा हेतू. पहिल्याच तुकडीत रॉबर्ट्स दाखल झाला. सत्ताविसाव्या वर्षी ज्याला वय जास्त म्हणून परत पाठवलं होतं, तो एकेचाळिसाव्या वर्षाच्या उंबरठ्यावर विशीतल्या मुलांबरोबर शरीररचनाशास्त्र शिकू लागला. १९८६ मध्ये पदवी मिळाली, पुढचं प्रशिक्षण झालं आणि १९८८ मध्ये कॉक्रन या लहान गावात त्याने दवाखाना थाटला. शेवटपर्यंत तिथले लोक त्याला ओळखत होते ते डॉक्टर म्हणून.

२०१० च्या सुरुवातीला न्यूमोनियाने तो आजारी पडला. मेकनच्या इस्पितळात भेटायला बिल गेट्स विमानाने आला. लवाद आणि भांडणं फार मागे पडली होती. १ एप्रिलला, ६८ व्या वर्षी, रॉबर्ट्स गेला. गेट्स आणि अॅलन यांनी एकत्र निवेदन काढून त्याचं ऋण मान्य केलं.

कुठला डाव पहिला?

संगणकाच्या बाजूने पाहिलं तर रॉबर्ट्सचं आयुष्य मधेच सोडून दिलेल्या कारकिर्दीसारखं दिसतं. त्याच्या बाजूने पाहिलं तर ओळ सरळ आहे. डॉक्टर व्हायचं होतं. एका शल्यविशारदाने आधी इंजिनियर हो म्हटलं. मग संसार, हवाई दल, कंपनी आणि कर्ज. ही सगळी वाटेतली गावं, आणि त्यातल्याच एका गावात जगाला त्याच्याकडून संगणक मिळाला.

दोन्ही कामांत एक समान धागाही मला दिसतो. मोठ्या संस्थांच्या भिंतीआड असलेली गोष्ट त्याने दोन्ही वेळा बाहेर, माणसांच्या जवळ आणली. आधी संगणक हौशी माणसाच्या टेबलावर आणला, नंतर डॉक्टर खेड्यातल्या रुग्णाच्या गावात नेला. पहिल्या कामाचं मोल अब्जावधी डॉलरमध्ये मोजलं गेलं आणि त्यातलं फारच थोडं त्याच्याकडे आलं. दुसऱ्याचं मोल कुठल्याच बाजारात मोजलं गेलं नाही. त्याने निवडलं ते दुसरं, आणि त्यावर वीस वर्षांहून अधिक काळ टिकून राहिला.

आपल्याकडे दरवर्षी हजारो मुलं कॉम्प्युटर इंजिनियर होतात. त्यांच्या हातात येणारी यंत्रं इतकी बंद आणि इतकी झाकलेली असतात की आत डोकावायची इच्छाच मरून जावी. कॉलेजांना माझी कळकळीची विनंती आहे की पहिल्या वर्षी एक दुपार या मुलांना अल्टेअरपुढे बसवा. प्रतिकृती नसेल तर ब्राउझरमध्ये चालणारी नक्कल फुकट मिळते. त्या पहिल्या बेसिकची मूळ प्रतही गेट्सने २०२५ मध्ये सगळ्यांसाठी खुली केली आहे. चौदा बाइट्स हाताने भरू द्या आणि कार्डांसाठी मोकळी ठेवलेली जागा दाखवा. आणि ती जागा ठेवणारा माणूस नंतर कुठे गेला, हेही त्याच तासाला सांगा. म्हणजे वय उलटलं, वाट चुकली असं ज्या मुलाला कधी वाटेल, त्याला एक नाव ठाऊक असेल.